सा पाचं धुकं, दिग्दर्शिका हा ले झिएमचा कॅमेरा आणि आपण तिथे काय बघायला जातो?

कातरवेळ

नमस्कार मंडळी. व्हिएतनामला जाऊन आलेल्यांचे फोटो आता प्रत्येक ग्रूपवर असतात. होई आनचे आकाशकंदील, हा लाँग उपसागरातली बोट, दा नांगजवळचा दोन हातांनी तोललेला सोनेरी पूल. मीही ते सगळं पाहिलं, आणि आवडलंही. पण हा धागा प्रवासवर्णनाचा नाही. एका व्हिएतनामी दिग्दर्शिकेमुळे माझा तिथला मुक्काम पार बदलून गेला, त्याबद्दल लिहायचं आहे.

मी चौदा वर्षं माहितीपटांचं संकलन करते. दुसऱ्यांनी चित्रित केलेलं तासन्‌तास बघणं हाच माझा धंदा. निघण्याच्या आधीच्या आठवड्यात हा ले झिएम हिचा 'चिल्ड्रन ऑफ द मिस्ट' हा माहितीपट दोनदा पाहिला. झिएम स्वतः ताय जमातीची, उत्तरेतल्या तेव्हाच्या बाक कान प्रांतातली. पत्रकारितेचं शिक्षण घेतलं आणि मग माहितीपटांकडे वळली. उत्तरेतल्याच सा पा गावाजवळच्या डोंगरात ह्मोंग जमातीच्या एका कुटुंबात ती तीन वर्षांहून अधिक काळ येऊन-जाऊन राहिली. एकटी, हातात छोटा कॅमेरा, सोबत पथक नाही. चित्रपटातली मुलगी झी सुरुवातीला बारा वर्षांची आहे. ह्मोंग लोकांत नववर्षाच्या दिवसांत मुलीला ओढून नेऊन लग्न ठरवण्याची चाल आहे. सुरुवातीलाच पोरं त्याचाच खेळ खेळताना दिसतात. आपल्याकडची भातुकली बाहुला-बाहुलीच्या लग्नाची, त्यांची ओढून नेण्याची.

आणि मग एक दिवस तो खेळ राहत नाही. झीला खरोखर ओढून नेतात. ती झिएमचं नाव घेऊन ओरडते, वाचव म्हणते. कॅमेऱ्यामागून झिएम मध्ये पडू पाहते आणि चौकट हलते. मी धंद्याने संकलक आहे, हललेला शॉट पहिल्यांदा काढून टाकते. हा शॉट ठेवला आहे आणि तो ठेवायलाच हवा होता, कारण त्या थरथरीतच कॅमेरा धरणारी बाई दिसते.

या चित्रपटाला २०२१ मध्ये ॲमस्टरडॅमच्या इडफा या माहितीपट महोत्सवात दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला आणि पुढच्या वर्षी ऑस्करच्या पंधरा माहितीपटांच्या यादीतही तो होता.

सप्टेंबरमध्ये मी सा पाच्या खालच्या अंगाला, ता वान गावाच्या वर एका ह्मोंग घरी अकरा दिवस राहिले. भात पिकून सगळ्या पायऱ्या पिवळ्या झाल्या होत्या. घरची आजी नीळ करायची. भांगेच्या झाडाच्या सालीपासून काढलेल्या धाग्याचं कापड, त्यावर मधमाशांच्या मेणाने रेघा, मग निळीच्या पिंपात बुडवायचं, वाळवायचं, पुन्हा बुडवायचं. असे कितीतरी दिवस. पहिले दोन दिवस मी तिचे हात चित्रित करत होते. कोपरापर्यंत निळे, नखांच्या कडा काळ्या. शॉट सुंदर होते, याची मला खात्री होती. तिसऱ्या दिवशी ती ओलं कापड घेऊन माझ्यासमोर उभी राहिली आणि दुसरं टोक माझ्याकडे धरलं. पिळायला माणूस हवा होता. नात शाळेत गेली होती.

कॅमेरा कट्ट्यावर ठेवला आणि पीळ घातला. ती उजवीकडे, मी डावीकडे. कापड इतकं जड असेल असं वाटलं नव्हतं, हात भरून आले. त्या वासाला मला शब्द सापडत नाही, आंबलेल्या पाल्याच्या जवळपास जातो. त्यानंतर रोज पिळायला मीच. माझे हात पुढे आठवडाभर निळे होते आणि कॅमेऱ्याच्या मुठीवर अजून डाग आहे. सातव्या-आठव्या दिवशी तिने मला कापडाला चकाकी आणायची रीत दाखवली. खाली लाकडी रूळ, वर दगडाची लादी, लादीवर दोन पाय रोवून ती बाई डावी-उजवी डुलते आणि खालचं कापड शिशासारखं चमकायला लागतं. हे चित्रित करू का असं मी खुणेने विचारलं. तिने मान हलवली आणि आधी केस नीट केले.

पहिल्या दोन दिवसांत तिने केस नीट केले नव्हते, कारण मी विचारलंच नव्हतं.

तर चर्चेला प्रश्न असा: दुसऱ्याच्या घरात, दुसऱ्याच्या देशात आपण कॅमेरा, म्हणजे मोबाईलसुद्धा, केव्हा बाहेर काढावा? आणि झिएमने केलं ते बरोबर होतं का? तिथे जाऊन आलेल्यांनी, न गेलेल्यांनीही लिहा.

पायपीट

वाचतेय. फार आतून लिहिलं आहेस. पुढच्या सप्टेंबरमध्ये आम्ही चौघं जातोय, त्यामुळे व्यवहाराचे प्रश्न विचारून घेते: हनोईहून सा पाला कसं गेलीस? आणि सासूबाई पूर्ण शाकाहारी आहेत, त्यांचं कसं होईल?

जुनाजाणता

लेख आवडला, पण झिएमबद्दल माझं मत वेगळं आहे. बारा-तेरा वर्षांची मुलगी हाक मारते आहे. अशा वेळी कॅमेरा खाली टाकायचा असतो. मी तीस वर्षं वृत्तछायाचित्रण केलं. पुरात, दंगलीत हा प्रश्न आम्हाला दर वेळी पडायचा, आणि जे सहकारी फोटो सोडून मदतीला धावले त्यांची नावं कुठे छापून आली नाहीत, पण त्यांच्याबद्दल माझ्या मनात जास्त आदर आहे. पुरस्कार मिळाला म्हणून हा प्रश्न मिटत नाही.

सायगावकर

मी सहा वर्षं हो ची मिन्ह शहरात, म्हणजे जुन्या सायगावात, नोकरीला आहे. हनोईला कामानिमित्त जाणं असतं. दोन गोष्टी सांगतो, चर्चेला उपयोगी पडतील.

पहिली उच्चाराची. कातरवेळताईंनी 'झिएम' लिहिलं आहे ते उत्तरेकडचं. व्हिएतनामी लिपीत ज्या 'डी'च्या दांड्यावर आडवी रेघ नसते, तो हनोईत 'झ' आणि आमच्या दक्षिणेत 'य' होतो. त्यांचा तो लांब अंगरखा हनोईत 'आओ झाय', इथे 'आओ याय'. नाव एकच, गाव बदललं की उच्चार बदलतो. सुरुवातीला माझी फार तारांबळ उडायची.

दुसरी जास्त महत्त्वाची. व्हिएतनामीत सगळ्यांना चालेल असं 'तू' किंवा 'तुम्ही' नाही. समोरच्याशी बोलायचं तर आधी नातं ठरवावं लागतं. थोड्या मोठ्या बाईला 'ची', म्हणजे ताई. थोड्या मोठ्या पुरुषाला 'आन', दादा. लहानाला 'एम'. आजीच्या वयाच्या बाईला 'बा'. आणि स्वतःला 'मी' म्हणतानाही तेच नातं वापरतात: ताई म्हणते, "ताई जेवली, एमने जेवलं का?" ऑफिसात पहिल्या दिवशी माझं वय विचारलं तेव्हा मला विचित्र वाटलं होतं. मग कळलं, वय कळल्याशिवाय त्यांना वाक्यच सुरू करता येत नव्हतं.

म्हणून त्या प्रसंगाकडे मी असं बघतो. जी बाई वर्षानुवर्षं घरात राहिली, तिला ही भाषा परकी राहूच देत नाही. ती कुणाची तरी ताई झालेलीच असते. जुनाजाणता सर, तुमचा प्रश्न त्यामुळे सोपा होत नाही, उलट आणखी अवघड होतो. वृत्तछायाचित्रकार अनोळखी असतो, झिएम अनोळखी नव्हती.

आणखी एक. मुलगी ओढून नेण्याला व्हिएतनामीत 'केओ वो' म्हणतात, शब्दशः बायको ओढणे. पुष्कळदा मुलगा-मुलगी आधी ठरवतात आणि ओढणं हा नुसता रिवाज असतो. जिथे मुलीची संमती नसते किंवा ती अल्पवयीन असते, तिथे तो गुन्हाच. व्हिएतनामच्या कायद्यात लग्नाचं वय मुलीला १८ आणि मुलाला २० आहे.

गोदाकाठ

मी बीड जिल्ह्यात माध्यमिक शाळेत शिकवते. हा चित्रपट मी पाहिलेला नव्हता. काल रात्री कातरवेळताईंचा लेख वाचून शोधला आणि पाहिला. झोप आली नाही. आता शाळा सुटल्यावर लिहायला बसले आहे.

आमच्याकडे दसरा झाला की ऊसतोडीच्या गाड्या निघतात. कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी. मुकादम उचल, म्हणजे आगाऊ पैसे, देतो ती जोडीवर, एकटा पोरगा गेला तर तो अर्धा कोयता. आता घरात पोरगी चौदा-पंधराची आहे. सहा महिने तिला गावात कुणाच्या भरवशावर ठेवायची? सोबत उसाच्या फडावर न्यायची तर कोपी, म्हणजे तिथली झोपडी, उघडी. लग्न लावलं की आई-बापाची काळजी जाते, आणि तिकडे एका पोराचा अर्धा कोयता पुरा होतो. दोन्ही घरांचा हिशेब जुळतो. पोरीच्या वह्या तेवढ्या शाळेत राहतात.

माझ्या आठवीतली एक मुलगी अशीच गेली. गणितात हुशार होती. मी घरी गेले, कायदा सांगितला, पोलिसांचं नाव घेतलं. तिची आई शांतपणे म्हणाली, "मॅडम, कोपीला दार नसतंय." माझ्याकडे त्यावर उत्तर नव्हतं. हंगामी वसतिगृहात जागा मिळेल का म्हणून एका कार्यालयात तीन खेपा घातल्या. तिसऱ्या खेपेला जागा मंजूर झाल्याचा कागद मिळाला, तेव्हा लग्नाला नऊ दिवस झाले होते.

त्या चित्रपटात झीचे शिक्षक घरी समजवायला येतात. ते ओट्यावर अवघडून बसलेले पाहिले आणि मला माझंच बसणं आठवलं. झीची आईसुद्धा अशीच ओढून आणलेली आहे. ती दुष्ट नाही. तिला लेकीची माया आहे, आणि तरी तिला दुसरी वाट दिसत नाही. बाहेरून येणाऱ्या कॅमेऱ्यांना ही आई दिसतच नाही. आमच्या भागात दरवर्षी कुणी ना कुणी 'स्टोरी' करायला येतं. एक दिवस असतात, पोरीचा चेहरा धूसर करतात, आईबापाला राक्षस करून निघून जातात. तीन वर्षं राहिली म्हणूनच झिएमला आई दिसली.

जुनाजाणता सर, मी कॅमेरा न धरता, नुसती बाई म्हणून मध्ये पडले होते. माझ्याने ते थांबलं नाही. म्हणून मला झिएमला दोष देता येत नाही.

जुनाजाणता

गोदाकाठताई, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. माझं मत मी मागे घेत नाही, पण 'कॅमेरा टाकला की मुलगी वाचते' असं मी मनात धरून चाललो होतो, हे मात्र लक्षात आलं.

कातरवेळ

गोदाकाठताई, काय लिहू. कोपीला दार नसतंय, हे वाक्य दिवसभर डोक्यात आहे.

सर, एक गोष्ट तुमच्यापुढे ठेवते. झिएमने तो प्रसंग कापून स्वतःला वाचवलं असतं. संकलनाच्या टेबलावर हे अगदी सोपं असतं, दोन सेकंदांचा काळोख टाकायचा आणि पुढचा दिवस दाखवायचा. तिने आपला आवाज, आपलं हतबल होणं तसंच ठेवलं आणि प्रेक्षकाला सांगितलं की बघा, मी इथे होते. तुम्ही आज तिच्यावर जो आक्षेप घेताय, तो घेण्याची सोय तिनेच करून ठेवली आहे.

पायपीट, हनोईहून लाओ काईपर्यंत रात्रीची रेल्वे आहे, आठेक तास. तिथून सा पा घाटाने तासाभरावर. थेट बसने पाच-सहा तासांत पोचता येतं, पण मला रेल्वेच आवडली. सकाळी जाग येते तेव्हा खिडकीबाहेर लाल नदीचं खोरं असतं. व्हिसा ऑनलाइन मिळतो, ९० दिवसांपर्यंत. मात्र सरकारी संकेतस्थळावरूनच काढा, तशाच दिसणाऱ्या साइटवाले भरमसाट पैसे घेतात.

शाकाहारी म्हणजे 'चाय'. 'कॉम चाय' पाटी दिसली की निर्धास्त आत शिरा. चांद्रमहिन्याच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी तिथले बरेच बौद्ध लोक मांसाहार करत नाहीत, त्या दिवशी चांगलं मिळतं. इतर ठिकाणी 'नुओक माम', म्हणजे मासळीचं आंबवलेलं पाणी, भाजीतही घालतात. सासूबाईंसाठी ते आवर्जून विचारून घे.

मृद्गंध

छान धागा. व्हिएतनामने अमेरिकेला हरवलं ते शिवाजी महाराजांचा गनिमी कावा अभ्यासून, असा एक संदेश नेहमी येतो. तिथल्या नेत्याने समाधीवर 'शिवाजीचा एक मावळा' असं लिहायला सांगितलं वगैरे. तुम्हाला तिथे असं काही दिसलं का? मुलाला शाळेत भाषणासाठी हवं आहे.

सायगावकर

मृद्गंधताई, मुलाला हे भाषणात सांगू देऊ नका, ही कळकळीची विनंती. समाधीवरच्या ओळीची गोष्ट खरी नाही. महाराजांवर माझी श्रद्धा कुणापेक्षा कमी नाही, म्हणूनच सांगतो. त्यांच्या मोठेपणाला असल्या संदेशाची गरज नाही, आणि व्हिएतनामी लोकांची हजार वर्षांची लढाई त्यात पुसली जाते.

मुलाला यांची खरी गोष्ट सांगा, तीही तितकीच थरारक आहे. उत्तरेत बाक दांग नावाची नदी आहे. इ.स. ९३८ मध्ये न्गो क्विएनने तिच्या पात्रात टोकदार खांब रोवले. भरतीला खांब पाण्याखाली. शत्रूची जहाजं आत येऊ दिली, ओहोटी लागल्यावर उलटा हल्ला चढवला आणि जहाजं खांबांवर अडकली. साडेतीनशे वर्षांनी, १२८८ मध्ये, त्रान हुंग दाओने त्याच नदीत तीच युक्ती मंगोल आरमारावर वापरली. सायगावच्या नदीकाठी त्याचा उंच पुतळा आहे, हात नदीकडे केलेला. माझ्या ऑफिसच्या वाटेवरच लागतो. गनिमी कावा त्यांच्या मातीतही उगवला होता आणि आपल्याही. दोघांचा अभिमान एकाच भाषणात मावेल.

मृद्गंध

धन्यवाद! भरती-ओहोटीची गोष्ट मुलाला फार आवडली. भाषण बदलतोय.

रानवाट

विषय माहितीपटांचा आहे तर त्रान वान थुई यांचं नाव यायला हवं. जन्म १९४०, नाम दिन्हचे. युद्धात दक्षिणेतल्या आघाडीवर कॅमेरामन होते, नंतर मॉस्कोला शिकले. १९८२ मध्ये त्यांनी 'हनोई कुणाच्या डोळ्यांत' केला. एका अंध गिटारवादकापासून सुरू होतो आणि हनोईतल्या जुन्या कवयित्री, विद्वान, राजे यांच्या कहाण्यांतून विचारतो की राज्यकर्ता कसा असावा. अर्थात लगेच बंदी आली. १९८७ मध्ये कम्युनिस्ट पक्षाचे सरचिटणीस न्गुयेन वान लिन यांनी तो स्वतः पाहिला आणि बंदी उठली. मधल्या काळात थुई यांनी 'चुएन तू ते' केला होता. 'तू ते'ला मराठीत नेमका शब्द नाही. माणुसकी, सभ्यपणा, नीट वागणं, सगळं त्यात आहे. त्या चित्रपटाला १९८८ मध्ये लाइपझिगच्या महोत्सवात 'रौप्य कबूतर' हा पुरस्कार मिळाला.

त्यांचा 'मी लाईतलं व्हायोलिन' (१९९८; 'मी लाई' हे क्वांग न्गाई प्रांतातलं गाव) पाहून मी क्वांग न्गाईला गेलो होतो. १६ मार्च १९६८ ला अमेरिकी सैनिकांनी तिथे गावकरी मारले, स्मारकावर ५०४ नावं आहेत. लोक तिथे संग्रहालयातले फोटो बघतात. माझ्या डोळ्यांपुढून मात्र तिथली पायवाट हलत नाही. स्मारकाच्या आवारातल्या वाटा सिमेंटच्या आहेत आणि त्या मातीसारख्या रंगवून त्यांत ठसे उमटवलेत. बुटांचे, अनवाणी पायांचे आणि सायकलच्या चाकांचे. बूट आणि अनवाणी पाय एकमेकांवर पडलेले. मी चप्पल काढून हातात घेतली. एका अनवाणी ठशाजवळ पाय ठेवून पाहिला, तो माझ्या पायाच्या निम्म्याहून लहान होता. तिथे मोबाईल काढला नाही. कातरवेळताई, तुमच्या प्रश्नाला माझं एवढंच उत्तर.

पायपीट

रानवाट, अंगावर काटा आला. आम्ही दा नांगला चार दिवस आहोत, तिथून क्वांग न्गाई एका दिवसात होईल असं दिसतंय. आणि 'मी सोन'ची देवळं?

रानवाट

दोन्ही करा, वेगवेगळ्या दिवशी. 'मी सोन'ला सकाळी लवकर, उन्हाच्या आत. चाम राजांची शिवमंदिरं, विटांची. १९६९ च्या बॉम्बफेकीत सगळ्यात मोठं देऊळ गेलं. काही गटांची दुरुस्ती आपल्या भारतीय पुरातत्त्व खात्याने केली, त्याच कामात २०२० मध्ये नवव्या शतकातलं वालुकाश्माचं अखंड शिवलिंग सापडलं. पण 'हे आपलंच' असं म्हणत फिरू नका. चाम लोक अजून आहेत, निन्ह थुआन भागात त्यांची देवळं आहेत, काते नावाचा सण आहे. देऊळ त्यांचं आहे, आपण पाहुणे.

गोदाकाठ

एक विचारायचं होतं, इथे विचारू की व्यक्तिगत निरोपात हे कळत नव्हतं. आमच्या वसतिगृहातल्या मुलींना आणि जमलं तर त्यांच्या आयांना हा चित्रपट दाखवायचा आहे. इंग्रजी उपशीर्षकं त्यांना वाचता येणार नाहीत. परवानगी कुणाकडे मागायची तेही माहीत नाही. गाड्या दसऱ्यानंतर निघतील. त्याआधी आया गावात असतात.

कातरवेळ

इथेच विचारलंत ते बरं केलंत. परवानगीचं मी बघते, वितरकांना आज रात्रीच लिहिते. शाळेत, तिकीट न लावता दाखवायचंय असं स्पष्ट सांगू, कळकळीने विचारलं तर बरेचदा लोक हो म्हणतात. मराठी उपशीर्षकांचा पहिला खर्डा मी करते. पण पुण्याच्या मराठीत नको. झीची आई बोलते ते तुमच्या बायांच्या तोंडी जसं येईल तसं हवं. ते तुम्ही तपासाल?

गोदाकाठ

तपासते. आमच्या स्वयंपाकाच्या मावशींना शेजारी बसवते, त्या बारा वर्षं फडावर होत्या.

सायगावकर

व्हिएतनामी संवाद मी ऐकून इंग्रजीशी ताडून देतो. ह्मोंग भाषेतले संवाद मला येत नाहीत. पण नात्यांच्या हाका इंग्रजीत सगळ्या 'यू' होऊन गेल्यात, त्या मराठीत परत आणता येतील. कोण कुणाला ताई म्हणतंय, कोण आत्या, याची यादी आधी करून पाठवतो.

जुनाजाणता

माझ्याकडे प्रोजेक्टर आहे आणि बीडला यायला वेळही आहे. पडदा मात्र तुम्हाला बघावा लागेल, ताई.

गोदाकाठ

पडद्याला पांढरं धोतर आहे सर. दोन जोडून शिवून ठेवते.